बोलण्यांतील मर्यादा आणि गणितांतील असमानता

मध्यंतरीं नववीच्या वर्गांत आम्हीं फळ्यावर एक वाक्य लिहिलें: ‘सोयाबीनला क्विंटलमागें किमान ५,३२८ रुपये भाव मिळाला पाहिजे.’ भावाला क्ष म्हणा आणि हें वाक्य चिन्हांनीं मांडून दाखवा, एवढेंच मुलांस सांगितलें. हा आंकडा आमच्या पदरचा नव्हे. केंद्र सरकारनें २०२५-२६ च्या खरीप हंगामासाठीं सोयाबीनची जी किमान आधारभूत किंमत जाहीर केली ती हीच. वह्या तपासावयास घेतल्या, तों बऱ्याच वह्यांतून क्ष ≤ ५,३२८ असें उत्तर आढळलें.

चूक नेहमींचीच खरी. परंतु ती कोठें झाली हें पाहिलें म्हणजे नवल वाटतें. शेलूबाजार हें बाजाराचें गांव. नांवांतच बाजार आहे. खरीप म्हटला कीं आमच्या या मंगरूळपीर तालुक्यांत सोयाबीन आणि तूर हीं पिकें पहिल्यानें डोळ्यांपुढें येतात, आणि आमच्या वर्गांतील बहुतेक मुलें शेतकऱ्यांचीं. यांतील कोणत्याही मुलास बाजारांत उभें करून, "काय रे, ५,००० ला देतोस काय?" असें विचारावें, तो मान हालवून नाहीं म्हणेल. "६,००० ला?" म्हणावें, तो हंसत पोतें कांट्यावर ठेवील. म्हणजे व्यवहार त्यास पुरता कळतो. पण वहींत त्यानें जें लिहिलें त्याचा अर्थ असा होतो कीं, भाव ५,३२८ च्या वर जातां कामा नये. जो आंकडा शेतकऱ्याच्या पायाखालची जमीन व्हावयाचा, तोच त्याच्या डोक्यावरचें छप्पर होऊन बसला. चिन्हाचें तोंड फिरलें मात्र, आणि मुलानें आपल्या बापाच्याच मालाला वरून कुलूप लावलें.

"असें कां लिहिलेंस?" म्हणून एकास विचारलें. तो म्हणाला, "सर, किमान म्हणजे कमीत कमी. कमी आहे, म्हणून कमीचें चिन्ह." उत्तर चुकीचें, पण प्रामाणिक, आणि शिक्षकाच्या फार उपयोगाचें. दोष मुलाच्या बुद्धीचा नसून कानाचा होता. ‘कमीत कमी’ या शब्दांत ‘कमी’ दोनदां ऐकूं येतें आणि हात आपोआप < कडे धांवतो. ‘जास्तीत जास्त’ म्हटलें कीं तोच हात > कडे वळतो. ‘कमाल’ या शब्दाचा आरंभ तर ‘कम’ असा होतो, पण अर्थ अगदीं वरच्या टोंकाचा. या लेखाचा विषय निघाला तो त्या उत्तरांतून. आमच्या समजुतीप्रमाणें असमानतेच्या उदाहरणांत मुलें अडतात तीं बीजगणितांत नव्हे, तर मराठीच्या बारीकसारीक शब्दांत. आणि ही अडचण दूर करण्यास पालकांचें घरचें बोलणेंच उत्तम साधन आहे.

ज्यांनीं हा भाग अद्यापि शिकलेला नाहीं त्यांच्यासाठीं दोन ओळी. समीकरणांत दोन बाजू सारख्या असतात. असमानतेंत एक बाजू दुसरीहून लहान किंवा मोठी असते. चिन्हाचें उघडें तोंड मोठ्या संख्येकडे आणि टोंक लहान संख्येकडे ठेवावयाचें. ७ > ४, तसेंच ४ < ७. चिन्हाखालीं रेघ ओढली म्हणजे ‘अथवा समान’ एवढी सवलत मिळते. क्ष ≥ ५ याचा अर्थ क्ष पांच आहे किंवा पांचाहून मोठा आहे. चिन्हें इतकींच. समानतेचें = हें चिन्ह इंग्लंडांत रॉबर्ट रेकॉर्ड यानें १५५७ सालीं छापून प्रचारांत आणलें. < व > हीं चिन्हें टॉमस हॅरियट याच्या पुस्तकांत प्रथम छापलेलीं दिसतात. तें पुस्तक त्याच्या मृत्यूनंतर दहा वर्षांनीं, १६३१ सालीं निघालें. ‘अथवा समान’ दाखविण्याची खूण फ्रान्समधील प्येर बुगे यानें १७३४ सालीं वापरली. म्हणजे समानतेच्या चिन्हानंतर लहान-मोठेपणाच्या चिन्हांस पाऊणशें वर्षें लागलीं, व त्याखालच्या रेघेस आणखी शंभरांवर. मुलांस ही रेघ क्षुल्लक वाटते व तीं ती खुशाल गाळतात. तिचें महत्त्व पुढें येईलच.

आतां वाक्यावरून चिन्ह कसें ठरवावें? यासाठीं आम्ही वर्गांत एक साधी युक्ति सांगतों. शब्दाकडे पाहून चिन्ह लिहूंच नये. वाक्यांत जो आंकडा असेल त्याहून एक मोठा, एक लहान व एक तंतोतंत तोच, असे तीन आंकडे घ्यावे आणि प्रत्येकाविषयीं विचारावें: हा चालेल काय? भावाच्या वाक्यांत ६,००० चालतो, ५,००० चालत नाहीं, ५,३२८ चालतो. जे चालतात ते वरचे. म्हणून क्ष मोठा. आणि काठावरचा चालतो म्हणून खालीं रेघ. झालें, क्ष ≥ ५,३२८. हे तीन प्रश्न विचारावयास अर्धें मिनिट पुरतें, आणि यांत पाठ करण्यासारखें कांहींच नाहीं.

तिसरा प्रश्न, म्हणजे काठावरच्या आंकड्याचा, सर्वांत नाजूक. आपली भाषा या बाबतींत मुलांस वाटते तितकी ढिली नाहीं. ‘सहाच्या आंत घरीं ये’ म्हणजे सहाचा ठोका पडण्यापूर्वीं. ‘सहापर्यंत ये’ म्हटलें तर सहा वाजतां उंबऱ्यावर पाऊल ठेवलें तरी बोलणें खावें लागत नाहीं. पहिलें < आणि दुसरें ≤. ‘शंभराहून अधिक’ यांत शंभर नाहींत; ‘शंभराहून कमी नाहीं’ यांत शंभर आहेत. ‘फार तर वीस’ यांत वीस आहेत, ‘विसाहून कमी’ यांत नाहींत. ‘निदान’ व ‘तरी’ हे दोन शब्द काठ आंत घेतात: ‘दहा रुपये तरी लागतील’ म्हणजे दहा किंवा अधिक. ‘अठरा वर्षांखालील’ मुलांत अठरा वर्षें पुरीं झालेला बसत नाहीं, आणि ‘अठरा वर्षें पूर्ण’ झालेल्यांत तो बसतो. आपल्या मतदानाच्या हक्काची गोष्ट अशीच आहे. पूर्वीं मतदाराचें वय ≥ २१ असावें लागे. राज्यघटनेच्या एकसष्टाव्या दुरुस्तीनें तें १९८९ सालापासून ≥ १८ झालें. आंकडा बदलला, चिन्ह आणि त्याखालची रेघ तशीच राहिली. ती रेघ नसती, तर आज अठरा वर्षें पूर्ण करणाऱ्या मुलाचें नांव यादींत घालतां आलें नसतें.

नकाराचे दोन फेरे असलेलीं वाक्यें याहून कठीण, आणि शेतकऱ्याच्या घरीं त्यांतील एक तर दर जून महिन्यांत ऐकूं येतें. कृषि विभाग सांगतो कीं, ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय सोयाबीनची पेरणी करूं नये. ‘शिवाय’ एक नकार, ‘नये’ दुसरा. पाऊस प मिलिमीटर मानला तर पेरणी करणाराच्या शेतांत प ≥ ७५ असलाच पाहिजे, इतकाच या वाक्याचा अर्थ. तीन आंकडे घालून पाहा: ४० मिलिमीटरवर पेरणी? नको. ९० वर? चालेल. मुलें पुष्कळदां हें वाक्य उलटें वाचतात व म्हणतात, ७५ मिलिमीटर झाला, आतां पेरलेंच पाहिजे. वाक्यांत तसें मुळींच नाहीं. पाऊस पुरेसा होऊनही वाफसा आला नसेल, बियाणें घरांत नसेल. तेव्हां थांबण्यास मोकळीक आहे. ‘अमुक झाल्याशिवाय तमुक नाहीं’ यांत तमुकासाठीं अमुक हवें एवढेंच सांगितलेलें असतें, अमुक झालें कीं तमुक होईल असें वचन नसतें. हा भेद गणितापुरता नाहीं. पहिल्याच सरीवर पेरलेलें बियाणें वाया जाऊन दुबार पेरणी करावी लागली, म्हणजे एका असमानतेची किंमत काय असते हें घरांतील सर्वांनाच कळतें.

सोयाबीनच्या भावाकडे एकवार परत जाऊं, कारण तेथें एक गोष्ट राहून गेली. सरकारी खरेदीकेंद्रावर नुसती किंमत पाहून भागत नाहीं. मालांतील ओलावाही पाहतात. ठरलेल्या प्रतीच्या सोयाबीनमध्यें ओलावा शेंकडा १२ हून अधिक असूं नये असा नियम. ओलाव्याला म म्हटलें तर म ≤ १२. एकाच पोत्यावर अशा रीतीनें दोन मर्यादा आल्या: एक भावाची, खालून, एक ओलाव्याची, वरून. पहिली विकणाराच्या रक्षणासाठीं, दुसरी घेणाराच्या. २०२४ च्या खरीप हंगामांत ओलाव्याच्या तक्रारी फार झाल्या, तेव्हां नोव्हेंबरांत केंद्र सरकारनें त्या हंगामापुरती ही मर्यादा १५ पर्यंत वाढविली. शेंकडा १४ ओलाव्याचें पोतें आदल्या दिवशीं परत गेलें असतें तें दुसऱ्या दिवशीं घेण्याजोगें झालें. पोतें तेंच, ओलावा तोच. असमानतेच्या उजवीकडचा एक आंकडा काय तो बदलला. खुल्या बाजारांत भाव आधारभूत किंमतीच्या खालींही जातो हें आमच्या पालकांस आम्हीं सांगावें असें नाहीं. ‘मिळाला पाहिजे’ आणि ‘मिळतो’ हीं दोन निराळीं वाक्यें आहेत. गणित पहिलें लिहून देतें, दुसरें खरें करून देण्याचें सामर्थ्य त्यांत नाहीं.

आतां सोडविण्याकडे वळूं. सोडविण्याची रीति समीकरणासारखीच, पण एका ठिकाणीं खड्डा आहे. समजा, एका मुलीजवळ २०० रुपये आहेत. वही ३५ रुपयांस एक. परत जाण्याच्या भाड्यासाठीं निदान ६० रुपये शिल्लक राहिले पाहिजेत. तिनें वह्या किती घ्याव्या? वह्यांची संख्या क्ष मानूं. शिल्लक राहील २०० − ३५क्ष, आणि ती ६० हून कमी नसावी, म्हणून

२०० − ३५क्ष ≥ ६०

दोन्ही बाजूंतून २०० वजा केले: −३५क्ष ≥ −१४०. आतां −३५ नें भागावयाचें, आणि येथेंच चिन्हाचें तोंड फिरतें: क्ष ≤ ४. ऋण संख्येनें गुणलें किंवा भागलें असतां चिन्ह उलटतें, हा नियम मुलें पाठ करतात व नेमक्या वेळीं विसरतात. त्याचें कारण कर्जाच्या भाषेंत सांगितलें तर तीं विसरत नाहींत असा आमचा अनुभव आहे. ज्याच्या खिशांत ५ रुपये तो ३ रुपयेवाल्याहून श्रीमंत. ज्याचें ५ रुपये देणें तो ३ रुपये देणें असलेल्याहून गरीब. ५ > ३, पण −५ < −३. खिसा उलटा केला कीं क्रम उलटला.

चार वह्या घेऊन बरोबर ६० उरतात आणि ती मुलगी घरीं पोंचते. वाक्यांत ‘निदान ६०’ ऐवजीं ‘६० हून अधिक’ असतें तर तिला तीनच वह्या मिळाल्या असत्या. मघांशीं ज्या रेघेला मुलें क्षुल्लक म्हणत होतीं, तिची किंमत येथें एक वही झाली.

उत्तर अपूर्णांकांत आलें म्हणजे आणखी एक घोंटाळा होतो. ५३ क्विंटल माल न्यावयाचा आहे आणि टेंपोंत एका खेपेस फार तर १५ क्विंटल मावतो. खेपा क्ष, तर १५क्ष ≥ ५३, म्हणजे क्ष ≥ ३.५३. तीन खेपांत काम होत नाहीं, साडेतीन खेपा कोणी करीत नाहीं. चार कराव्या लागतात. उलट तीच मुलगी २०० रुपयांत भाड्याचा विचार न करतां ३५ रुपयांच्या वह्या घेऊं लागली, तर क्ष ≤ ५.७१ येऊन तिला पांचच मिळतील. दुकानदार पाऊण वही फाडून देणार नाहीं. एके ठिकाणीं आंकडा वर चढवावा लागला, दुसऱ्या ठिकाणीं खालीं उतरवावा लागला. अर्ध्याहून जास्त तर वर, हा शाळेंतला नियम येथें कामाचा नाहीं. माल उरला काय, किंवा पैसे संपले काय, हें विचारणें कामाचें. पावकी-निमकी म्हणणाऱ्या आपल्या आजोबांना हें कोणी शिकविलें नव्हतें, पण त्यांतले कोणी साडेतीन खेपांचें भाडें ठरवून आले असतील असें आम्हांस वाटत नाहीं.

चिन्ह उलटण्याची दुसरी जागा आमच्या गांवाच्या शेजारींच आहे. नागपूरहून मुंबईकडे जाणारा समृद्धी महामार्ग शेलूबाजाराजवळून जातो. त्याचा नागपूर ते शिर्डी हा पहिला टप्पा ११ डिसेंबर २०२२ रोजीं सुरू झाला आणि ५ जून २०२५ रोजीं ठाणे जिल्ह्यांतील आमण्यापर्यंत सबंध ७०१ किलोमीटरचा रस्ता खुला झाला. त्यावर मोटारीचा वेग ताशीं १२० किलोमीटरहून अधिक असूं नये अशी मर्यादा आहे. वेग व, तर व ≤ १२०. पण लागणारा वेळ अंतर भागिलें वेग इतका. वेग भाजकांत गेला कीं वरची मर्यादा खालची होते: वेळ ≥ ७०१ ÷ १२०, म्हणजे सुमारें ५ तास ५० मिनिटें. आतां एखादे पाहुणे येऊन सांगूं लागले कीं, "आम्ही त्या टोंकापासून या टोंकास पांच तासांत आलों," तर आमच्या विद्यार्थ्यांनीं वाद न घालतां ७०१ ला ५ नें भागावें. सरासरी वेग १४० च्या वर निघतो. म्हणजे पाहुण्यांनीं मर्यादा मोडली हें त्यांच्याच तोंडून सिद्ध झालें. आणि मोडून मिळतें तरी काय? ६० किलोमीटरच्या अंतरास ताशीं १०० नें ३६ मिनिटें, १२० नें ३०. वीस किलोमीटर वेग वाढविला आणि सहा मिनिटें वांचलीं. पुढें १४० नें गेलें तर आणखी चार-साडेचार. वेग जसजसा वाढवावा, तसतशी प्रत्येक वाढीमागें वांचणारी मिनिटें कमी कमी होत जातात.

वरच्या वर्गांतील मुलांसाठीं आतां एक मोठें उदाहरण. एका शेतकऱ्याजवळ ५ एकर जमीन व ४८,००० रुपये भांडवल आहे. सोयाबीनला एकरीं १२,००० व तुरीला ८,००० खर्च येतो असें धरूं. घरच्या डाळीसाठीं निदान एक एकर तूर पाहिजेच. नफा सोयाबीनचा एकरीं १०,००० व तुरीचा ८,००० धरूं. हे रुपयांचे आंकडे आम्हीं हिशेब सोपा व्हावा म्हणून कल्पिले आहेत. खरा हंगाम इतका आज्ञाधारक नसतो. शिवाय आमच्याकडे सोयाबीनच्या ओळींत तुरीच्या ओळी घालून दोन्ही पिकें एकत्र घेण्याची चाल आहे, हें आम्ही जाणतों. तूर्त दोन्ही निरनिराळ्या तुकड्यांत आहेत असें समजावें.

सोयाबीन क्ष एकर, तूर य एकर. जमीन सांगते, क्ष + य ≤ ५. पैसा सांगतो, १२,०००क्ष + ८,०००य ≤ ४८,०००. ४,००० नें भागून ३क्ष + २य ≤ १२. स्वयंपाकघर सांगतें, य ≥ १. चौथी अट कोणींच सांगत नाहीं, पण ती आहेच: क्ष ≥ ०, कारण उणें दोन एकर सोयाबीन पेरतां येत नाहीं. न सांगितलेल्या या अटी मुलांनीं मुद्दाम शोधाव्या. माणसें बोलतांना त्या गृहीत धरतात, कागद धरीत नाहीं.

आलेखकागदावर या रेषा काढल्या म्हणजे चार कोपऱ्यांचा एक तुकडा राहतो. त्यांतील कोणताही बिंदु शेतकऱ्यास शक्य आहे. कोपरे असे: (०, १), (०, ५), (२, ३) आणि (३⅓, १). नफ्याची रेषा समांतर सरकवीत नेली तर ती हा तुकडा सोडतांना शेवटीं एखाद्या कोपऱ्याला शिवूनच सुटते, म्हणून कोपरेच तपासले तरी पुरे. नफा अनुक्रमें ८,०००, ४०,०००, ४४,००० व ४१,३३३ रुपये. तेव्हां दोन एकर सोयाबीन व तीन एकर तूर. येथें जमीनही पुरी लागते आणि पैसाही पुरा लागतो. एकट्या तुरीच्या बेतांत ८,००० रुपये पडून राहतात. सोयाबीन जास्त घ्यावें तर पैसा संपून पाऊण एकराच्या जवळपास जमीन पडीक राहते. आणखी एक मौजेची गोष्ट: सोयाबीनचा एकरी नफा तुरीच्या नफ्याच्या एकपट ते दीडपट यांच्या दरम्यान राहील तोंवर हाच बेत उत्तम ठरतो. भाव थोडे हालले म्हणून बेत हालवावा लागत नाहीं. किती हालले म्हणजे हालवावा, हें सांगणारी तीही एक असमानताच.

अटी दोन-तीन असल्या तर कागद पुरतो. पुष्कळ असल्या तर पुरत नाहीं. अमेरिकेंतील अर्थशास्त्रज्ञ जॉर्ज स्टिग्लर यानें १९४५ सालीं एक प्रश्न प्रसिद्ध केला: एका माणसास वर्षभर नऊ पोषक घटक निदान ठराविक प्रमाणांत मिळाले पाहिजेत, ७७ खाद्यपदार्थांतून निवड करून तें सर्वांत स्वस्तांत कसें साधेल? त्यानें अंदाजानें व युक्तीनें वर्षाचा खर्च ३९ डॉलर ९३ सेंटपर्यंत खालीं आणला. १९४७ सालीं जॉर्ज डँट्झिग यानें अशा प्रश्नांसाठीं एका कोपऱ्यावरून दुसऱ्या चांगल्या कोपऱ्यावर जात जाण्याची पद्धत शोधली. ती लावून पाहण्यास नऊ कारकून गणकयंत्रें घेऊन बसले व सर्वांचे मिळून सुमारें १२० दिवस खर्ची पडले. उत्तर आलें ३९ डॉलर ६९ सेंट. चोवीस सेंटांचा फरक! स्टिग्लरचा अंदाज किती चांगला होता याचेंच कौतुक वाटतें.

हा प्रश्न आमच्या विद्यार्थ्यांपासून दूरचा नाहीं. शालेय पोषण आहारांत पहिली ते पांचवीच्या मुलास ४५० कॅलरी व १२ ग्रॅम प्रथिनें, आणि सहावी ते आठवीच्या मुलास ७०० कॅलरी व २० ग्रॅम प्रथिनें मिळावीं असें प्रमाण ठरलेलें आहे. खिचडींत तांदूळ किती व डाळ किती हें ठरविणाराच्या पुढें स्टिग्लरचाच प्रश्न असतो, फक्त पदार्थ थोडे असतात. तांदळानें कॅलरीची अट लौकर भागते. प्रथिनांची अट डाळीवांचून भागत नाहीं. डाळ महाग, म्हणून खर्चाची असमानता उलट दिशेस ओढते. मोठ्या मुलाच्या ताटांत फ ग्रॅम प्रथिनें पडलीं तर फ ≥ २० हवें. एखाद्यानें किमान शब्दांतलें ‘कमी’ ऐकून येथेंही फ ≤ २० लिहिलें, तर काय होईल तें मुलांनीं स्वतःच सांगावें.

त्या नववीच्या वर्गास आम्हीं पुढें पुस्तकांतलें एकही उदाहरण दिलें नाहीं. घरीं व बाजारांत ऐकलेलें एकेक वाक्य लिहून आणा व त्याखालीं असमानता मांडा, असें सांगितलें. पालकांनीं या कामांत पुष्कळ हौसेनें मदत केलेली दिसली. एकाच्या आजीनें दिलेलें वाक्य होतें: ‘चौघांचा स्वयंपाक करावा, पण पांचवा आला तरी पुरला पाहिजे.’ त्याखालीं न ≥ ५ असें अचूक लिहिलें होतें. वाक्यांत चार असून उत्तरांत पांच आला, म्हणजे नातवानें शब्द ऐकला नाहीं, अर्थ ऐकला. दुसऱ्या एकानें वडिलांचें वाक्य आणलें: ‘पोत्यामागें दोन किलोच्या वर घट धरूं देणार नाहीं.’ घ ≤ २, हेंही बरोबर. ज्या मुलानें ‘कमी आहे म्हणून कमीचें चिन्ह’ असें सांगितलें होतें, त्यानें ५,३२८ चेंच वाक्य पुन्हां लिहून आणलें होतें, आणि चिन्ह इतकें ठळक गिरविलें होतें कीं वहीचा कागद फाटण्याच्या बेतास आला होता.

सर्वांत अधिक वाद झाला तो एका मुलीच्या वाक्यावर. तिची आई रोज सकाळीं म्हणते, ‘थोडें तरी खाऊन जा.’ तिनें लिहिलें होतें: क्ष > ०. कांहींच न खाणें चालत नाहीं, आणि कितीही थोडें चालतें. काठावरचा आंकडा शून्य, तो चालत नाहीं, म्हणून खालीं रेघ नाहीं. आम्हांस उत्तर निर्दोष वाटलें व तसें आम्ही म्हणालों. तेव्हां मागच्या बांकावरून दुसरी मुलगी उठली आणि म्हणाली, "सर, हें बरोबर नाहीं. घांसभर खाऊन उठलें तर आई दारांत आडवी उभी राहते. तिचें ‘थोडें’ म्हणजे एक पोळी. क्ष ≥ १ पाहिजे." वर्गाचे दोन तट पडले. शेवटीं ठरलें कीं, ज्याची त्यानें घरीं जाऊन अर्धी पोळी खाऊन उठून पाहावें आणि काय होतें तें दुसऱ्या दिवशीं सांगावें. दुसऱ्या दिवशीं हातवर करून मोजणी केली, तेव्हां वर्ग एकमतानें क्ष ≥ १ वर आला. एकट्या एका मुलानें क्ष ≥ २ लिहिलें होतें.